पश्चिमेचा शाफ्ट

ता. ४ फेब्रुवारी

चि. धाकट्या,

आशीर्वाद. घ्यायचे की पाकीट न फोडता परत पाठवायचे ते तुझं तू ठरव. फोन उचलत नाहीस, मेसेज बघतोस आणि गप्प बसतोस, म्हणून शेवटी कागद-पेन काढलं. एवढं लांबलचक मी कॉलेज सुटल्यापासून लिहिलेलं नाही, तेव्हा चुकलंमाकलं पदरात घे.

इकडे सगळं ठीक. ठीक म्हणजे आईचा गुडघा तसाच आहे. डॉक्टर म्हणतात चाला, ती म्हणते आधी तुम्ही हा गुडघा लावून चालून दाखवा. सकाळी पेपर आला की चष्मा शोधायच्या आधी तुझी बातमी शोधते. नसली की "चला, आज नाही" म्हणते आणि चहा घेते. असली की चहा तसाच गार होतो.

परवा तुझ्या बायकोचा फोन आला होता. म्हणाली, "ताई, माहेरी आणलं खरं, पण हे इथेही खिडकीशी बसून असतात. जेवायला चारदा हाक मारावी लागते." चिऊला वर्गात कोणीतरी विचारलं म्हणे, तुझ्या बाबांनी दवाखाना जाळला ना? आठ वर्षांची पोर. तिने काय उत्तर दिलं ते विचारायचा मला धीर झाला नाही.

माझं काम चालू आहे. सध्या एका बँकेच्या इमारतीचं आहे. प्रत्येक मजल्यावर एक इलेक्ट्रिक रूम, तिच्यात पॅनेल कुठे बसेल, त्याच्यापुढे माणूस उभा राहायला जागा किती, केबलचे ट्रे किती रुंद, दार आत उघडतं की बाहेर. तुला काय सांगायचं, माझ्या नकाशांवर अर्धं आयुष्य घासलंयस तू. साहेब परवा म्हणाले, "बाई, तुम्ही हल्ली फार मोजता." मी म्हटलं, मोजते. त्यांनी मान खाली घातली आणि दुसऱ्या टेबलाकडे गेले. ऑफिसात माझ्याशी सगळे हल्ली असंच बोलतात, आजाऱ्याशी बोलल्यासारखं.

पेपरवाल्यांचं मनावर घेऊ नकोस. "वायरमनने नकाशा धाब्यावर बसवला" असं छापायला त्यांचं काय जातं? दवाखान्याच्या नकाशात रोजच्या विजेची केबल पूर्वेच्या शाफ्टमधून, त्या उभ्या पोकळीतून, वर जाते आणि जनरेटरची पश्चिमेच्या शाफ्टमधून, म्हणजे एका वाटेवर काही झालं तर दुसरी शाबूत राहावी. प्रत्यक्षात दोन्ही पूर्वेच्या शाफ्टमध्ये निघाल्या. ऑक्टोबरात खालचा एक जॉइंट तापून पेटला आणि दोन्ही एकदम गेल्या. तिसऱ्या मजल्यावर पन्नास मिनिटं वीज नव्हती. श्वासाच्या मशीनवरची बाई गेली. हे सगळ्या जगाला पाठ झालंय आणि मी तुलाच काय सांगत बसलेय!

नकाशा माझा म्हणून चौकशीला मलाही दोनदा बोलावलं होतं. मी पक्का नकाशा दाखवला. त्यात चूक काही सापडली नाही.

तू मात्र जपून. विचारतील तेवढंच बोल. जास्त शहाणपणा करायला जाऊ नकोस, तुझ्या तोंडाला कुलूप नाही हे मला माहीत आहे. साइट ऑफिसातले कागद पावसात भिजून गेले असं सगळेच सांगतायत, तूही तेच सांग. आणि चूक एकट्याची कधीच नसते, हे लक्षात ठेव. दवाखान्याने नंतर किती मशीनं वाढवली, त्या केबलवर किती भार टाकला, ते कोणी विचारतंय का? नाही. सगळं खापर तुझ्या डोक्यावर. मला फार राग येतो. झोपच येत नाही.

आईसाठी तरी दोन ओळी टाक.

तुझी,
ताई


ता. ११ फेब्रुवारी

धाकट्या,

तुझं उत्तर नाही. नसू दे. आज मला उत्तरासाठी लिहायचंच नाही.

शुक्रवारी दुपारी ऑफिसात एक माणूस आला. पन्नाशीचा, बारीक, गळ्यात मापाची टेप तशीच लटकलेली. दुकानातून उठून थेट आला असावा. शिपायाला म्हणाला, दवाखान्याचा नकाशा काढणाऱ्या बाई कोण? शिपायाने माझ्याकडे बोट केलं. तो त्या गेलेल्या बाईचा नवरा. शिंपी आहे.

मला वाटलं आता ओरडेल, काहीतरी फेकून मारेल. मी खुर्ची मागे सरकवलीसुद्धा. तर हा हात जोडून उभा. म्हणाला, "बाई, मला भांडायचं नाही. एक गोष्ट समजत नाही, ती समजावून सांगा. मी त्या दिवशी खाली आवारातच होतो. वर जाऊ देत नव्हते. जनरेटर माझ्यापासून दहा हातांवर होता आणि तो चालू होता. धूर सोडत होता, जमीन हलत होती. मी मनात म्हणत होतो, चालू आहे, म्हणजे वर मशीन चालू असणार. मग ती वीज गेली कुठे?"

जनरेटर व्यवस्थित चालला, धाकट्या. रोजची वीज गेल्यावर अकराव्या सेकंदाला सुरू झाला, डिझेल संपेपर्यंत चालला. वीज केली आणि ती कुठेच पोचली नाही. वर एक नर्स हाताने फुगा दाबून त्याच्या बायकोला श्वास देत होती. तिचे हात दुखले की दुसरी यायची. धूर त्या मजल्यावर शिरल्यावर त्यांनाही बाहेर पडावं लागलं.

मी त्याला बसवलं. पाणी दिलं. आणि पक्का नकाशा टेबलावर पसरला. हो, तोच. बोट ठेवून दाखवलं, ही रोजची केबल, ही इकडून वर जाते. ही जनरेटरची, ही तिकडून. मध्ये सगळी इमारत. त्याने टेबलावर वाकून नीट बघितलं. नकाशा त्याला पटकन कळला, रोज खडूने रेघा मारून कापड कापणारा माणूस तो. म्हणाला, "म्हणजे रेघ बरोबर होती. कापणाऱ्याने रेघ सोडून कापलं."

मी नकाशाची कड सरळ केली.

"वायरमनने तुमचं ऐकलं असतं तर ती जगली असती. असंच ना?"

मी "हो" म्हटलं.

धाकट्या, मी "हो" म्हटलं! माझ्या तोंडाने. त्याने नमस्कार केला, "तुम्ही बसून सांगितलंत, बाकी सगळे उभ्यानेच घालवतात" म्हणाला आणि गेला. तेव्हापासून अन्न गोड लागत नाही, आणि लागू नये.

मागच्या पत्रात मी तुला सल्ले दिले. कागद भिजले म्हणून सांग म्हटलं. लाज कशी वाटली नाही मला? कागद भिजलेले नाहीत. निदान तो एक तरी नाही. तो आपल्या घरी आहे, आईच्या कपाटात, जादा चादरींच्या खाली.

आता सगळं लिहिते. तुला माहीत असलेलंही लिहिते, कारण मी एकदाही ते कोणापुढे बोललेले नाही, तुझ्यापुढेही नाही.

तू साइटवरून फोन केलास तो बुधवार होता. पश्चिमेच्या शाफ्टमध्ये दुसऱ्या मजल्यावर एसीवाल्यांनी हवेचा पत्र्याचा मोठा बोगदा घुसवला होता, केबल सोड, हात घालायला जागा नव्हती. तू म्हणालास, "ताई, तू ये आणि डोळ्यांनी बघ." मी आले, चिडूनच आले, दुपारचं जेवण सोडून. तू बॅटरी धरलीस. मी बघितलं. बोगदा काढायचा तर भिंत फोडा, वरचं छत फोडा, तीन आठवडे गेले. दवाखान्याच्या उद्घाटनाची तारीख छापून झाली होती. मी म्हटलं, दोन्ही पूर्वेच्या शाफ्टमधून ने, दोन ट्रेमध्ये अंतर ठेव.

तू म्हणालास, "अंतर कसलं ठेवू? चार बोटं जागा आहे."

मी म्हटलं चार तर चार.

"ताई, मग दोन केबली ठेवण्यात अर्थ काय? एक पेटली तर दुसरी बघत बसणार आहे का?"

आणि मी सगळ्या कामगारांसमोर तुला म्हटलं, "नकाशे तू काढतोस की मी? मला शिकवू नकोस." तुझे कान लाल झाले होते. लहानपणी व्हायचे तसे. तिसऱ्यांदा तू जरा हळू आवाजात विचारलंस, नक्की ना? मी म्हटलं तात्पुरतं आहे रे, उद्घाटन झालं की एसीवाल्यांना हलवू, मग ओढ परत. तेव्हा तू साइटची प्रत माझ्यापुढे धरलीस आणि म्हणालास, "मग लाल करून दे." आपल्या कामाची रीतच ती. जागेवर काही बदललं की साइटच्या नकाशावर लाल पेनाने रेघ, आणि ज्याने बदलायला सांगितलं त्याची सही शेजारी. काम संपलं की त्या लाल रेघा पक्क्या नकाशात उतरवायच्या. मी पश्चिमेची रेघ खोडली, पूर्वेला लाल रेघ मारली, शेजारी "चालेल" लिहिलं, सही केली आणि तारीख टाकली.

काम संपलं, तू ती प्रत घडी घालून माझ्या टेबलावर आणून दिलीस. पक्का नकाशा काढायला मी बसले तेव्हा ती समोरच होती. पण लाल रेघ उतरवली तर मंजुरी पुन्हा घ्यायची, तपासणी अधिकारी पुन्हा येणार, आणि तो बघताक्षणी विचारणार की दोन्ही केबली एकाच शाफ्टमध्ये घालायला तुम्हाला कोणी सांगितलं? मी लाल प्रत बाजूला ठेवली आणि मंजूर झालेलाच नकाशा पुन्हा काढला. स्वच्छ. पश्चिमेच्या शाफ्टमध्ये जी केबल कधी गेलीच नाही ती त्यात सुंदर दिसते. मनात म्हटलं, महिन्याभरात प्रत्यक्षातही तशीच करून घेऊ, मग खोटं कुठे राहिलं? महिना गेला, नवं काम आलं. एसीवाले गेले. वर्ष गेलं. मी विसरले म्हणायलाही जागा नाही, त्या रस्त्याने जाताना मी तिकडे बघायचेच नाही.

आग लागली त्या दिवशी ऑफिसातून पहिल्यांदा काय उचललं असेल मी? ती प्रत. पिशवीत घालून घरी आणली. बाई गेल्याचं तेव्हा कळलंही नव्हतं.

मग त्यांनी तुला धरलं. मी रोज वाट बघत होते की आज तू माझं नाव घेशील. तू घेतलं नाहीस. एकेक दिवस गेला तसं मला वाटायला लागलं की तू विसरलास, किंवा कागद नाही म्हणून कोणी विश्वास ठेवणार नाही असं तुला वाटलं. खरं सांगू? मला सुटल्यासारखं वाटलं. झाकली मूठ सव्वा लाखाची, अशी मी बसून राहिले. तुझं लायसन्स गेलं तेव्हाही. चिऊच्या वर्गाचं ऐकलं तेव्हाही मी फक्त रडले, कपाट उघडलं नाही.

आज उघडलं. आई दारात उभी होती. तिला सगळं सांगितलं. ती खाटेवर बसली, बराच वेळ गुडघा चोळत राहिली. मी पायाशी बसून रडायला लागले तर म्हणाली, "माझ्यापुढे रडू नकोस. आधी त्याला कळव, मग साहेबलोकांना, मग काय रडायचं ते रड."

म्हणून आधी तुला. सोमवारी मी चौकशीच्या ऑफिसात जाणार आहे. कागद घेऊन.

ताई


ता. १७ फेब्रुवारी

धाकट्या,

काल गेले. ऑफिसात साहेबांना आधी सांगितलं, ते म्हणाले, "बाई, वेड लागलंय का? तुमच्यामागे आमचं सगळ्यांचं जाईल. भाऊ काही बोलत नाही ना, मग?" मी राजीनामा टेबलावर ठेवला. त्यांनी तो उचलायच्या आत मी जिना उतरले होते.

चौकशीचे अधिकारी तुला माहीत आहेत, ते जाड भिंगाचे, नखं कुरतडणारे. त्यांनी लाल प्रत उलगडली. कोपरे दाबायला पेपरवेट ठेवले. "चालेल" वाचलं, सही बघितली, माझी सही दुसऱ्या कागदावर घेतली. मला वाटलं झालं. आता मला बसवून घेतील आणि तुला सोडतील. मी मनात तयारी करून गेले होते, आईच्या औषधांची यादीसुद्धा शेजारणीला देऊन ठेवली होती.

ते म्हणाले, "कागद जुना दिसतो. पण नवा कागद जुना दिसायला काय लागतं? लाल पेन तुमच्याकडे, सही तुमची, कागद चार महिने तुमच्या घरात. उद्या पलीकडचा वकील म्हणेल, बहिणीने भावाला सोडवायला बनवून आणला."

मी म्हटलं, "त्यालाच विचारा ना! बॅटरी तोच धरून उभा होता. कामगारही होते."

"कामगार काम संपल्यावर पांगले, चार महिन्यांत एकही सापडला नाही. आणि त्याला विचारलंय. पहिल्याच दिवशी विचारलंय." त्यांनी फाईल उघडली, तुझा जबाब काढला आणि माझ्याकडे फिरवला. तिसरं पान. खाली तुझी सही, ती तुझी लहान मुलासारखी गोल सही.

मी इथे जसंच्या तसं उतरवते, कारण रात्रभर ते माझ्या डोक्यातून जात नाही.

प्रश्न : केबलचा मार्ग बदलण्यापूर्वी तुम्ही नकाशा करणाऱ्या बाईंना विचारलं होतं का?

उत्तर : नाही.

प्रश्न : का विचारलं नाही?

उत्तर : विचारलं असतं तर ताईने होऊ दिलं नसतं.

अधिकारी म्हणाले, "हा प्रश्न आम्ही तीन वेगवेगळ्या दिवशी विचारला, बाई. तिन्ही वेळा हेच. शब्द इकडचा तिकडे नाही."

मी त्या खुर्चीत बसून मोठ्याने रडले. सगळ्या ऑफिसासमोर. कोणीतरी दार लावून घेतलं. तुला वाटत असेल ताईवर उपकार केले. नालायका, असं कोणी करतं का? तू मला शिव्या दिल्या असत्यास, कोर्टात माझ्याकडे बोट केलं असतंस तर मी खोटं बोलून, भांडून, कशीतरी जगले असते. तू तर मला इतकी चांगली करून ठेवलीस की त्या बाईच्या नवऱ्याला "हो" म्हणायला मला जराही जड गेलं नाही. आणि मी विचार करतेय की तू ते वाक्य माझ्यासाठी बोललास, की तुला खरंच तसं वाटायचं? साइटवर तीनदा विचारलंस तेव्हा तू माझ्या "नाही"चीच वाट बघत होतास ना? तुला खात्री होती की ताई नाहीच म्हणेल. आणि मी हो म्हटलं, तेव्हाही तुला वाटलं असेल की ताई म्हणते म्हणजे काहीतरी असेल. राग मला तुझा येत नाही. आला तर बरं होईल.

मी शिंप्याच्या दुकानातही जाऊन आले. त्याला सांगितलं की रेघ बरोबर नव्हती, रेघ मीच दुसरीकडे मारून दिली होती, वायरमन नको म्हणत होता. तो मशीनवर बसला होता. पाय थांबला. माझ्याकडे बघितलंही नाही. मी उभी राहिले. मग तो म्हणाला, "गिऱ्हाईक येईल, दारातून बाजूला व्हा." मी बाजूला झाले आणि मग घरी आले. त्याने आणखी काय करायला हवं होतं?

आता कामाचं. माझा कागद तुझ्या जबाबापुढे टिकत नाही. अधिकाऱ्यांनी स्पष्ट सांगितलं, एकतर बहीण खोटी, नाहीतर भाऊ. तुला चोवीस तारखेला साडेदहाला पुन्हा बोलावणार आहेत, नोटीस एक-दोन दिवसांत येईल. तुझा वकील म्हणेल जबाब फिरवू नको, आधीचं खोटं ठरलं तर आणखी अडकशील. अडकशील थोडा, ते खरं आहे. पण तो म्हणतो म्हणून गप्प बसू नकोस. आईची काळजी करू नकोस, तिनेच मला हे लिहायला बसवलंय आणि समोर बसून आहे. माझी तर अजिबात नको. मी काय, मला आत टाकतील, नकाशे काढायचा परवाना काढून घेतील, आणि घ्यायलाच हवा. पुन्हा कोणाच्या इमारतीत माझ्या हाताने रेघ नको.

चिऊला घेऊन ये येताना. ती बाहेर बाकावर बसू दे, पण दार उघडं ठेवायला सांग. तिने ऐकायला हवं.

ते तोच प्रश्न विचारतील. चौथ्यांदा. या वेळी मला वाचवू नकोस.

विचारलं होतंस, धाकट्या. तीनदा विचारलं होतंस. आणि ताईने होऊ दिलं.

एवढंच सांग.

ताई